लांडोरीची नजर

इंग्लंडमधल्या डॉर्सेट परगण्यातील ब्लॉक्सवर्थ या खेड्याचे धर्मगुरू ऑक्टेव्हियस पिकार्ड-केंब्रिज हे त्यांच्या काळातले कोळ्यांचे मोठे जाणकार. जगभरातून त्यांच्याकडे जतन केलेले कोळी येत आणि ते त्यांची वर्णने लिहून नामकरण करीत. १८७४ साली त्यांनी ऑस्ट्रेलियातल्या एका कोळ्याला नाव दिले. ज्वारीच्या दाण्याएवढा जीव. नराच्या पोटाच्या वरच्या बाजूला निळे, लाल, हिरवट पट्टे आणि दोन्ही कडांना घडी घालून पोटाखाली घेतलेले दोन पातळ पदर. हे पदर पंखांसारखे पसरून हा कोळी आपली उडी लांबवतो, असे नमुने मिळवणाऱ्याने कळवले होते. पिकार्ड-केंब्रिज यांना ते पटले आणि लॅटिनमधला ‘उडणारा’ या अर्थाचा ‘व्होलान्स’ हा शब्द त्यांनी त्याच्या नावात घातला. आज तो माराटस व्होलान्स म्हणून ओळखला जातो. ते पदर उडण्यासाठी नाहीतच. नाव मात्र कायम राहिले, कारण समजूत चुकीची होती एवढ्यावरून एकदा रीतसर दिलेले नाव प्राणिशास्त्रात बदलता येत नाही.

सव्वाशे वर्षांहून अधिक काळ हा समज टिकून राहिला. सिडनीत राहणारे युर्गन ओटो हे खरे तर माइट या सूक्ष्म जीवांचे अभ्यासक. २००५ साली सिडनीच्या उत्तरेकडील कु-रिंग-गाय चेस राष्ट्रीय उद्यानात त्यांना हा कोळी दिसला आणि पुढची कित्येक वर्षे ते त्याच्यामागे कॅमेरा घेऊन फिरले. डेव्हिड हिल यांच्या सोबतीने २०११ मध्ये त्यांनी जे सविस्तर लिहिले त्यातून चित्र स्पष्ट झाले. मादी दिसली की नर काही सेंटिमीटर अंतरावर थांबतो. त्याचे तिसऱ्या जोडीचे पाय इतर पायांहून लांब असतात, गर्द काळे, टोकाशी पांढऱ्या केसांचा गोंडा लावल्यासारखे. हे दोन पाय तो डोक्यापेक्षा उंच उचलतो आणि झेंडे दाखवावेत तसे हलवतो. मग पोट सरळ उभे करतो. घडी घातलेले पदर दोन्ही बाजूंना उलगडतात आणि आतापर्यंत पाठीवर आडवे असलेले रंग एका गोल पंख्यावर मांडल्यासारखे समोर येतात. हा पंखा तो डावीकडे-उजवीकडे डोलवतो, स्वतः खेकड्यासारखा आडवा सरकतो, मध्येच पोट थरथरवतो. हे सारे कधी काही मिनिटांत आटोपते, कधी अर्धा तासही चालते. ओटोंच्या चित्रफिती जगभर पाहिल्या गेल्या आणि ‘पीकॉक स्पायडर’, म्हणजे मयूर कोळी, हे नाव घरोघरी पोहोचले.

नाव चपखल आहे, पण त्यात आपली जुनी सवयही डोकावते. मोर नाचला की आपण म्हणतो, मोर नाचला. लांडोर पाहत होती, असे कोणी म्हणत नाही. बोलण्यात लांडोर येते ती बहुधा मोराची नक्कल करणारी म्हणून. मयूर कोळ्याच्या चित्रफिती पाहतानाही सगळ्यांचे डोळे त्या रंगीत पंख्यावर खिळतात. चौकटीच्या कोपऱ्यात एक मातकट, तपकिरी मादी असते आणि तिच्याकडे लक्ष जात नाही. मला वाटते, पिकार्ड-केंब्रिज यांची चूक आणि आपली चूक एकाच जातीची आहे. मेलेल्या नराच्या अंगावरचे पदर दिसतात, ते कोणापुढे उघडतात हे दिसत नाही. जिवंत नराचा नाच दिसतो, तो कोणाच्या डोळ्यांच्या मापाने बेतला आहे याचा विचार होत नाही. गेल्या दीडशे वर्षांतला पुरावा नीट मांडला, तर हा नाच समजण्याची किल्ली त्या तपकिरी मादीपाशी सापडते. नराचे रंग, त्याचे पवित्रे, त्याचा ठेका, ही सगळी पिढ्यान्‌पिढ्या मादीने केलेल्या निवडीची शिल्लक आहे, आणि तिची इंद्रिये समजून घेतल्याशिवाय त्यातले काहीही नीट उलगडत नाही. हे म्हणणे वाटते तितके सहज मान्य झालेले नाही. त्याला आक्षेप आहेत आणि त्यांतले काही वजनदार आहेत.

पहिला आक्षेप खुद्द आल्फ्रेड रसेल वॉलेस यांचा. १८७१ च्या ‘द डिसेंट ऑफ मॅन’मध्ये चार्ल्स डार्विनने असे मांडले की अनेक प्राण्यांतले नरांचे सौंदर्य मादीच्या पसंतीतून घडले आहे. नैसर्गिक निवडीचा सिद्धान्त डार्विनच्या जोडीने मांडणाऱ्या वॉलेस यांना ही कल्पना रुचली नाही. मादी रंगांत बारीकसारीक फरक करून जोडीदार निवडते याला पुरावा कुठे आहे, असा त्यांचा सवाल होता. नराचे भडक रंग म्हणजे त्याच्या अंगातल्या जास्तीच्या जोमाचे ओसंडणे, आणि मादी फिकी राहते ती संरक्षणासाठी, हे त्यांचे उत्तर १८८९ साली प्रसिद्ध झालेल्या ‘डार्विनिझम’ या ग्रंथात आहे. योगायोग असा की त्याच वर्षी अमेरिकेतल्या मिलवॉकी शहरातून जॉर्ज आणि एलिझाबेथ पेकहॅम या दांपत्याचा प्रबंध बाहेर पडला, आणि त्याचा विषय होता उड्या मारणाऱ्या कोळ्यांमधली लैंगिक निवड. या दोघांनी जंपिंग स्पायडर पेट्यांत ठेवून दिवसेंदिवस न्याहाळले होते. एका नराने मादीभोवती घातलेले फेरे त्यांनी मोजले, ते एकशे अकरा भरले. पण मोजणीहून मोलाचे होते ते त्यांचे एक निरीक्षण. ज्या जातीत नराचे पुढचे पाय सजलेले असतात तिथे तो पाय उचलून दाखवतो, जिथे पोट चकाकते तिथे पोट वळवून मादीसमोर धरतो. रंग केवळ जोमातून ओसंडत असता, तर तो नेमका दाखवला जाणारा भागच शोधून तिथे कसा बसला असता? आणि नराने तोच भाग मादीच्या डोळ्यांपुढे आणण्याचे कष्ट का घेतले असते? या प्रश्नाला वॉलेस यांच्या मांडणीत समाधानकारक जागा नव्हती. ओटो आणि हिल यांनी आपले निष्कर्ष ज्या नियतकालिकात छापले त्याचे नाव ‘पेकहॅमिया’, याच दांपत्यावरून ठेवलेले.

मात्र पेकहॅम दांपत्याचा युक्तिवाद एका गृहीतावर उभा होता: मादीला हे सगळे दिसते. कोळ्याला रंग आणि आकार दिसतात, हे तेव्हा सिद्ध व्हायचे होते. बहुतेक कोळ्यांची नजर अधू असते, त्यांचे जग जाळ्याच्या धाग्यांतून पायांपर्यंत येणाऱ्या हादऱ्यांचे असते. मयूर कोळीही ज्यात येतो ते जंपिंग स्पायडरचे साल्टिसिडी हे कुळ याला अपवाद आहे. सहा हजारांहून अधिक जाती असलेले हे कोळ्यांचे सर्वांत मोठे कुळ, आणि ते सहसा शिकारीसाठी जाळे विणत नाही. मांजरासारखे दबा धरून, अंतर जोखून झेप घेते. आठ डोळ्यांपैकी पुढचे मधले दोन मोटारीच्या दिव्यांसारखे मोठे असतात. प्रत्येकाच्या मागे डोक्यात खोल गेलेली एक नळी आणि नळीच्या तळाशी चार थरांचा दृष्टिपटल. वरचे भिंग कवचात पक्के बसलेले असल्याने डोळा हलू शकत नाही, म्हणून स्नायू आतली नळीच हलवतात. मायकल लँड यांनी १९६९ मध्ये दाखवून दिले की कोळी हे दोन अरुंद दृष्टिपटल समोरच्या वस्तूवरून फिरवून तिचे तुकड्यातुकड्याने वाचन करतो, आपण अंधाऱ्या खोलीत बॅटरीचा झोत फिरवून पाहावे तसे. पोर्शिया या जंपिंग स्पायडरच्या नजरेचा बारकावा चतुरासारख्या तीक्ष्ण नजरेच्या कीटकाच्या दहापट भरतो. उरलेले सहा डोळे बारीकसारीक तपशील टिपत नाहीत. त्यांचे काम पहारेकऱ्याचे: चहूबाजूंना कुठे काय हलले, एवढे सांगायचे.

आता हा डोळा समोर ठेवून पुन्हा नराच्या नाचाकडे पाहा. मादी पाने-काटक्यांच्या कचऱ्यात स्वतःच्या कामात आहे, तिचे तोंड भलतीकडे आहे. तिच्या मोठ्या डोळ्यांचा झोत अरुंद, नर त्याच्या बाहेर. तिला वळवायचे तर पहारेकरी डोळ्यांना हालचाल दिसली पाहिजे, आणि काळ्या पायाच्या टोकाला पांढरा गोंडा लावून तो उंचावर हलवण्याइतकी ठळक हालचाल दुसरी नाही. ती वळली की मोठ्या डोळ्यांचे वाचन सुरू होते. त्याला वेळ लागतो, म्हणून वाचण्याजोगा मजकूर एका जागी, सपाट, तिच्या दृष्टिरेषेला काटकोनात धरावा लागतो. उभे केलेले पोट आणि उलगडलेले पदर नेमके तेच साधतात. पाय आणि पंखा या दोन वेगळ्या गोष्टी एका नाचात का आल्या, याचे मला पटणारे स्पष्टीकरण असे की मादीच्या डोक्यात डोळ्यांच्या दोन व्यवस्था आहेत आणि नराला दोन्हींशी बोलावे लागते.

इथे या मांडणीतला सर्वांत अवघड आक्षेप पुढे येतो आणि तो प्रयोगशाळेतून आला आहे. दक्षिण युरोपात सायटिस बार्बिपेस नावाचा एक जंपिंग स्पायडर आहे, मयूर कोळ्यांचा जवळचा नातलग. त्याच्या नराचे तिसरे पाय प्रणयात उंचावले जातात आणि त्यांवर झळझळीत लाल रंग आहे. २०२२ मध्ये प्रसिद्ध झालेल्या अभ्यासात या जातीच्या डोळ्यातल्या पेशी तपासल्या, तेव्हा लाल रंग ओळखणारी पेशी सापडलीच नाही. आपल्याला भडक लाल दिसते ते मादीला काळ्यासारखेच दिसत असावे. मग मादीच्या पसंतीने रंग घडला या म्हणण्याचे काय? मला वाटते, या पुराव्याने मुद्दा ढासळत नाही, उलट तो नेमका होतो. मादीच्या निवडीतून घडते ते तिला दिसणारे चित्र. त्यात काळ्या-पांढऱ्याचा विरोध असेल, हालचाल असेल, चकाकी असेल. त्या चित्रातला गडद भाग आपल्या डोळ्यांना लाल भासला, तर तो आपल्या डोळ्यांचा गुण. आपल्याला सुंदर दिसते म्हणून ते तिलाही तसेच दिसते, हे गृहीत सोडावे लागते. तीच निवडते, हे म्हणणे मात्र तसेच उभे राहते.

शिवाय प्रत्येक जातीची मादी लाल रंगाला आंधळी नाही. उत्तर अमेरिकेतल्या हॅब्रोनॅटस वंशातल्या कोळ्यांच्या मोठ्या डोळ्यात एक छोटी करामत आहे. हिरव्या प्रकाशाला संवेदनशील असलेल्या काही पेशींपुढे लाल रंगाची गाळणी बसवलेली असते, त्यामुळे त्या पेशी लाल ओळखू लागतात. डॅनियल झुरेक, नेथन मोरहाउस आणि सहकाऱ्यांनी हे २०१५ मध्ये दाखवले. याच वंशातल्या हॅब्रोनॅटस पायरिथ्रिक्सच्या नराचा चेहरा लाल असतो. लिसा टेलर आणि केव्हिन मॅकग्रॉ यांनी काही नरांचा लाल चेहरा रंगाने झाकला आणि त्यांना माद्यांसमोर सोडले. झाकलेल्या चेहऱ्याच्या नरांना मिळणारा प्रतिसाद घटला, पण फक्त उन्हात. सावलीत झाकलेला आणि उघडा चेहरा यांत फरक पडला नाही. २०१३ चा हा प्रयोग मला फार बोलका वाटतो. चेहरा तोच, नर तोच, त्याचा जोमही तोच. मादीच्या डोळ्यापर्यंत रंग पोहोचतो की नाही यावर सगळे ठरले. वॉलेस यांच्या जोमाच्या सिद्धान्ताला ऊन-सावलीचा हा फरक समजावून सांगता येणार नाही.

मादीला दिसणाऱ्या चित्रासाठी नराचे अंग काय थराला गेले आहे, ते त्याच्या काळ्या रंगात पाहावे. माराटस स्पेसिओसस आणि माराटस कॅरी या दोन मयूर कोळ्यांच्या रंगीत पट्ट्यांलगत काळे ठिपके आहेत. डकोटा मॅकॉय आणि सहकाऱ्यांनी २०१९ मध्ये ते सूक्ष्मदर्शकाखाली तपासले, तेव्हा पृष्ठभागावर बारीक भिंगांसारख्या उंचवट्यांची दाट रांग दिसली. पडलेला प्रकाश या उंचवट्यांत अडकतो, आतल्या काळ्या रंगद्रव्यात जिरतो, आणि अर्ध्या टक्क्याहूनही कमी परत येतो. असा काळा शेजारी असला की बाजूचा रंग आतून उजळल्यासारखा वाटतो. डोळा रंगाची पारख आसपासच्या उजेडाच्या तुलनेने करतो. आसपासचा उजेडच काढून घेतला की त्याचा हिशेब चुकतो. न्यू गिनीच्या स्वर्गीय पक्ष्यांनीही पिसांमध्ये हीच युक्ती साधली आहे. पाहणाऱ्याच्या डोळ्यातल्या हिशेबावर बेतलेली ही रचना पाहणाऱ्याशिवाय निरर्थक आहे.

आपल्याला न दिसणाराही मजकूर यात असतो. भारतापासून सुमात्रापर्यंत आढळणाऱ्या कॉस्मोफेसिस अम्ब्रॅटिका या जंपिंग स्पायडरचा नर अतिनील किरण परावर्तित करतो, तर मादी अतिनील प्रकाशात हिरवट झळकते. सिंगापूरमधल्या संशोधकांनी २००७ साली अतिनील प्रकाश अडवून पाहिला, तेव्हा प्रणयाराधन कोलमडले. इथे मादी पाहते आणि पाहिलीही जाते.

पण सगळेच डोळ्यांवर अवलंबून असते तर गोष्ट सोपी झाली असती. कोळ्याच्या पायांना जमिनीतली कंपने जाणवतात, आणि नजरेत तरबेज झालेल्या या कुळाने ही जुनी विद्या टाकून दिलेली नाही. डेमियन एलियास यांनी २००३ मध्ये हॅब्रोनॅटस डोसेनसच्या नराखालच्या पृष्ठभागावर लेझर रोखला, तेव्हा त्याच्या पायांच्या हालचालींबरोबर कंपनांचे वेगवेगळे प्रकार चालल्याचे दिसले: ठोके, खरवड, गुणगुण. पुढच्या प्रयोगात काही नरांचे पोट मेणाने जखडून त्यांना मुके केले. दिसायला ते तेवढेच सजलेले, पाय तेवढेच हलवणारे, तरी माद्यांनी त्यांना कमी वेळा स्वीकारले. मॅडेलिन जिरार्ड, मायकल कासुमोविच आणि एलियास यांनी २०११ मध्ये माराटस व्होलान्सच्या पोटाच्या थरथरीतून निघणारी अशीच कंपने नोंदली. २०१५ मध्ये त्यांनी मूळ प्रश्नालाच हात घातला: मयूर कोळ्याची मादी खरोखर निवड करते का? नरांचे नाच आणि कंपने यांची मोजमापे घेऊन ती मीलनाच्या यशाशी ताडून पाहिली. दृश्य नाचात जास्त मेहनत घेणारे आणि कंपनांत जास्त जोर असलेले नर यशस्वी ठरले. आणि नाखूश मादी गप्प बसत नाही. ती स्वतःचे पोट वळवून-हलवून नकार कळवते, प्रसंगी नरावर धावूनही जाते. तिचा नकार हीसुद्धा एक हालचाल आहे, नाचाइतकीच मोजता येणारी, पण तिच्या चित्रफिती कोणी एकमेकांना पाठवत नाही.

या टप्प्यावर एक शहाणा वाचक विचारील: हे सगळे ओळखपत्र नसेल कशावरून? ऑस्ट्रेलियात माराटसच्या शंभरच्या आसपास जाती आहेत, काही एकमेकींच्या शेजारी राहतात. भलत्या जातीच्या नराशी जुळले तर मादीची पिढी वाया जाते. तेव्हा रंग आणि ठेका म्हणजे ‘मी तुझ्याच जातीचा’ एवढाच निरोप असावा, त्यात पसंती-नापसंतीचा प्रश्न नसावा. हा आक्षेप मला वॉलेस यांच्या आक्षेपापेक्षा जास्त विचारात घेण्यासारखा वाटतो, कारण ओळखीचा भाग यात आहेच. पण तेवढ्याने भागत नाही, हे ॲरिझोनातल्या एका कोळ्याने दाखवले आहे. हॅब्रोनॅटस प्युजिलिस डोंगरमाथ्यांवर राहतो. माथ्यांमधल्या उष्ण सखल प्रदेशाने त्याचे गट एकमेकांपासून तुटले आहेत आणि प्रत्येक डोंगरावरच्या नराचा चेहरा, पायांची सजावट, ठेका निराळा झाला आहे. एलियास, एलिन हेबेट्स आणि रोनाल्ड हॉय यांनी २००६ मध्ये एका डोंगरावरच्या माद्यांसमोर त्यांच्याच डोंगरावरचे आणि परक्या डोंगरावरचे नर सोडले. परक्या नरांचे कंपनसंगीत अधिक गुंतागुंतीचे होते, आणि माद्यांचा कल परक्यांकडे गेला. नुसते ओळखपत्र तपासायचे असते तर ओळखीचेच पास झाले असते. मादीला काही आवडते, आणि ते तिने पूर्वी कधी अनुभवलेले नसले तरी आवडू शकते, याचा इतका स्वच्छ पुरावा प्राणिजगतात फार ठिकाणी मिळत नाही. मयूर कोळ्यांच्या जाती शेजारीशेजारी असूनही त्यांचे पंखे इतके वेगवेगळे का, याचे एक कारण इथे दडलेले असावे.

आणखी एक आक्षेप भीतीचा. मादी शिकारी आहे, आकाराने नराहून मोठी आणि भूक लागली तर नराला खाणारी. मग हा नाच प्रेमाचा कशाला, तो जीव वाचवण्याचा खटाटोप असेल. याचेच अधिक बारीक रूप असे: नर मादीच्या जन्मजात प्रतिक्रियांचा गैरफायदा घेतो. टेलर आणि सहकाऱ्यांनी २०१४ मध्ये दाखवले की हॅब्रोनॅटस पायरिथ्रिक्स लाल आणि पिवळ्या भक्ष्यावर हल्ला करायला कचरतो, कारण असे रंग अनेकदा विषारी किंवा कडू कीटकांचे असतात. तेव्हा नराचा लाल चेहरा म्हणजे ‘मला खाऊ नकोस’ असा फलकच नाही का? असेलही. लाल रंगाची सुरुवात तिथून झाली असे मानायला मी तयार आहे. पण सुरुवात कुठून झाली आणि ती वाढत इथवर कशी आली, हे दोन वेगळे प्रश्न. जीव वाचवण्यापुरता एक लाल पट्टा पुरला असता. अर्धा तास चालणारा नाच, तीन तऱ्हांची कंपने, प्रकाश गिळणारा काळा रंग, यांची गरज नव्हती. खाल्ले न जाणे आणि स्वीकारले जाणे यांत मादीच्या बाजूने फार मोठे अंतरही नाही. दोन्ही निर्णय तिचेच, एकाच नजरेने, एकाच बैठकीत घेतलेले. भीतीचा सिद्धान्त नराची बाजू सांगतो. दार कोण उघडते आणि कोण लावते, हा प्रश्न त्यातही मादीपाशीच येऊन थांबतो.

मादीच्या लक्षाने नराचे रूप घडते म्हणजे काय, हे सर्वांत सुरेख दिसते ते मिव्हिया इन्क्लेमेन्स या अमेरिकी कोळ्यात. पेकहॅम दांपत्याला तो ठाऊक होता आणि त्याने त्यांना कोड्यात टाकले होते. याचे नर दोन रूपांत आढळतात. एक काळा, डोक्यावर केसांचे तीन झुबके असलेला. दुसरा करड्या पट्ट्यांचा, झुबक्यांशिवाय. एकाच जातीत दोन वेशांचे नर कसे टिकले? मादीला एक आवडत असता तर दुसरा केव्हाच नाहीसा व्हायला हवा होता. डेव्हिड क्लार्क आणि जॉर्ज युट्झ यांनी माद्यांना छोट्या पडद्यावर नरांच्या चित्रफिती दाखवल्या. कोळी पडद्यावरच्या कोळ्याला खरा मानतो, हे त्यांनी १९९० मध्ये आधी सिद्ध केले होते. १९९२ च्या प्रयोगाचा निष्कर्ष असा की मादी काळा-करडा असा भेद करतच नाही. जो आधी हलून तिचे लक्ष वेधतो, त्याच्याकडे ती वळते. झुबकेवाला साधारण नऊ सेंटिमीटर अंतरावरून ताठ उभा राहून पाय हलवतो. करडा तीन सेंटिमीटरवर येतो आणि दबून, पाय पुढे रोखून सुरुवात करतो. एक लांबून दिसण्यात पटाईत, दुसरा जवळून. मादीची नजर दूर आणि जवळ अशी दोन अंतरे सांभाळते, त्या दोन अंतरांवर दोन वेगळे नर घडले. आरशात पाहावे तसे तिचे डोळे त्यांच्या अंगावर उमटले आहेत.

राहता राहिला शब्दांबद्दलचा आक्षेप. ‘आवडते’, ‘निवडते’, ‘नकार देते’ ही माणसांची भाषा मोहरीहून लहान मेंदूला लावायची का? सावधगिरी हवी, हे मान्य. मादीला आपल्यासारखी सौंदर्याची अनुभूती होते, असे म्हणायला माझ्याकडे आधार नाही आणि या लेखातल्या युक्तिवादाला त्याची गरजही नाही. अनेक नर पाहून त्यांतल्या काहींना स्वीकारणे आणि इतरांना नाकारणे, तेही त्यांच्या मोजता येणाऱ्या गुणांप्रमाणे, याला निवड म्हणतात. तिच्या मनात काय चालते हे बाजूला ठेवले तरी निवड उरतेच. मला उलटी बाजू जास्त खटकते. नर ‘नाचतो’, ‘मोहवतो’, ‘लढतो’ असे लिहिताना कोणाची लेखणी अडखळत नाही. मादी ‘निवडते’ म्हटले की लगेच कानावर येते, प्राण्यांना माणूस बनवू नका. वॉलेस यांच्यापासून चालत आलेली ही सावधगिरी एकाच बाजूला का लागू होते? जी भाषा नराला चालते ती मादीलाही चालली पाहिजे, आणि पुरावा तर तिच्या बाजूने जास्त आहे.

हे सगळे ऑस्ट्रेलियात किंवा ॲरिझोनातच घडते असे नाही. २०२१ मध्ये ठाण्यात सापडलेल्या एका जंपिंग स्पायडरला आयशियस तुकारामी हे नाव मिळाले, २६ नोव्हेंबर २००८ च्या रात्री मुंबईत दहशतवादी कसाबला जिवंत पकडून देताना प्राण गमावलेल्या तुकाराम ओंबळे यांच्या स्मरणार्थ. पुण्याच्या बाणेर टेकडीवरच्या एका जातीच्या नावात ‘टेकडी’ हा आपला शब्दच जाऊन बसला आहे. आणि ज्याला पाहायला ठाण्याला किंवा टेकडीवरही जायला नको असा हॅसेरियस अडान्सोनी आपल्या घरांत वावरतो. नराचे अंग काळे, त्यावर पांढरी चंद्रकोर, तोंडापुढच्या दोन आखूड अवयवांवर चुना लावल्यासारखा पांढरा भाग. मादी तपकिरी. याच जातीच्या डोळ्यांचा अभ्यास करून जपानी संशोधकांनी २०१२ मध्ये दाखवले की तिथला एक थर मुद्दाम धूसर चित्र पाहतो आणि शेजारच्या स्पष्ट चित्राशी त्याची तुलना करून समोरच्याचे अंतर ओळखतो.

दिवाळीच्या साफसफाईत छताच्या कोपऱ्यातली जळमटे झाडून निघतात. ती या कोळ्याची नसतात, हा शिकारीसाठी जाळे विणतच नाही. तेव्हा खिडकीच्या चौकटीवर तो दिसला तर कुंचा बाजूला ठेवा. आणि एखादा नर पुढचे पाय उंचावून थबकत थबकत आडवा सरकताना दिसला, तर त्याच्यावरून नजर काढा आणि समोर पाहा. वीतभर अंतरात कुठेतरी एक तपकिरी मादी असेल. ती वळली, थांबली की निघून गेली, तेवढे पाहा.